बकरी गोल फिरते, भाऊ बोलत नाही

पत्राचा गोषवारा (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत): यवतमाळ जिल्ह्यातल्या एका खेड्यातून एका ताईंनी लिहिलंय. पोळा झाल्यावर त्यांच्या घरची एक बकरी मान एका बाजूला टाकून गोल गोल फिरायला लागली. ती अजून जिवंत आहे, चारा खाते, पण तिला एका डोळ्याने दिसत नसावं. दसऱ्यानंतर चोवीस वर्षांचा भाऊ गप्प झाला. तासन्‌तास एका जागी उभा राहतो. हात वर करून सोडला तर वरच राहतो. घास गालात तसाच असतो. कधी समोरच्याने बोललेला शब्द तेवढा परत म्हणतो. ताप नाही. पावसाळाभर तो पऱ्हाटीवर (कपाशीवर) फवारणी करत होता. चुलतभावाने त्याचा व्हिडिओ काढून ‘आमच्या गावचा झॉम्बी’ म्हणत ग्रुपवर टाकला, आणि मग मुंग्यांचा ताबा घेणाऱ्या बुरशीचे व्हिडिओ घराघरात फिरले. आई म्हणते, धुऱ्यावरून (शेताच्या बांधावरून) भांडण झालं त्या शेजारच्या काकूंनी करणी केली. वडील येत्या अमावस्येला बाहेरचं पाहणाऱ्या एका बाबांकडे न्यायचं म्हणतात. ताई विचारतात: बकरीचंच भावाला लागलं का? हे पसरेल का? वडिलांना अडवू की जाऊ देऊ? आणि मार्गशीर्षात त्याचं साक्षगंध (साखरपुडा) ठरलंय, त्याचं काय करू?

ताई,

अमावस्येपर्यंत थांबू नका. बाकीचं पत्र नंतर वाचलं तरी चालेल. घास गालात राहतो, ही ओळ तुम्ही मधेच लिहून पुढे गेलात, पण माझ्या दृष्टीने सगळ्या पत्रात तीच मोठी आहे. ज्याला गिळायचं सुधरत नाही त्याच्या पोटात पाणीही जात नसतं. कालपासून त्याने किती पाणी प्यायलं आणि लघवी कधी केली, हे घरात कोणालाच धड सांगता येत नसेल, तर आजच १०८ला फोन करून त्याला न्या. अंग तापलं, ताठरलं, दरदरून घाम सुटला किंवा छाती धडधडायला लागली, तर रात्र असली तरी निघा. तोवर त्याला आडवं करून चमच्याने काही पाजू नका, ते श्वासनळीत जातं. बसवून, शुद्धीवर असेल आणि गिळत असेल तरच घोट घोट द्या.

आता तुमचा पहिला प्रश्न. बकरी आधी, भाऊ नंतर, आणि दोघंही भान हरपल्यासारखे दिसतात. म्हणून बकरीपासून भावापर्यंत काहीतरी आलं असणार, असं तुम्ही धरून चालला आहात. आई करणी म्हणते, चुलतभाऊ बुरशी म्हणतो, तुम्ही रोग म्हणता. तिघांचीही नावं वेगळी, पण समजूत एकच: दोन्हीमागे एकच हात आहे. मला ही समजूतच खरी वाटत नाही. मेंदूपर्यंत काहीही पोचलं, मग ते जंतू असो, गाठ असो, विष असो की मनाचा आजार, बाहेरून दिसणारे प्रकार मोजकेच असतात: टक लावणं, फिरत राहणं, ताठरणं, लाळ गाळणं. त्यामुळे दिसणं सारखं असलं म्हणून कारण सारखं होत नाही.

बकरीचं आधी घेऊ, कारण ते सोपं आहे. मान वाकडी, एकाच बाजूला गोल फिरणं, एका डोळ्याने न दिसणं, आणि तरीही आठवडेच्या आठवडे खातपीत जगणं, हे वर्णन मेंदूतल्या पाण्याच्या गाठीशी जुळतं. कुत्र्याच्या पोटात एक पट्टकृमी असतो, त्याची अंडी विष्ठेतून गवतावर पडतात, बकरी ते गवत खाते, आणि अळी रक्तातून मेंदूत जाऊन बसते. तिथे पाण्याने भरलेली पिशवी होते, वाढत वाढत कोंबडीच्या अंड्याएवढीही होऊ शकते. ती ज्या बाजूला दाबते त्याप्रमाणे जनावर फिरतं. ही पिशवी एका रात्रीत होत नाही, तिला काही महिने लागतात. म्हणजे तुम्हाला पोळ्यानंतर दिसलं, पण बकरीने ते गवत पावसाळ्याच्याही आधी खाल्लेलं असू शकतं. काकूंशी तुमचं धुऱ्यावरून भांडण कधी झालं याचा हिशेब आई मांडते आहे, तो इथेच मोडतो.

तिच्याजवळ गेल्याने, तिला चारल्याने हे माणसाला लागत नाही. धोका कुत्र्याच्या विष्ठेतल्या अंड्यांचा, तोही माणसाला क्वचित, म्हणून हात धुवा आणि भाजी नीट धुऊन घ्या. जनावरांच्या डॉक्टरांना १९६२ या क्रमांकावर बोलावता येतं. काही वेळा कवटीचं हाड गाठीवर मऊ पडलेलं हाताला लागतं आणि शस्त्रक्रियेने गाठ काढता येते. एका बकरीसाठी तेवढा खर्च करायचा का, हा घरचा हिशेब आहे, त्यात मी पडत नाही. पण ती मेली किंवा कापली तर मुंडकं कुत्र्यांपुढे टाकू नका. जाळा किंवा खोल पुरा. गावोगावी हे चक्र चालू राहतं ते नेमकं या फेकलेल्या मुंडक्यांमुळे. राखणीच्या कुत्र्यांना जंताचं औषध द्या, बकऱ्यांपेक्षा आधी त्यांना.

असंच पत्र आणखी कोणी लिहिणार असेल तर त्यांच्यासाठी एक गोष्ट इथेच सांगते. जनावर अचानक विचित्र हंबरायला लागलं, लाळ गाळू लागलं, मागचे पाय लुळे पडले, तर बहुतेक जण म्हणतात घशात काही अडकलं, आणि हात घालून पाहतात. घालू नका. पिसाळलेल्या कुत्र्याने चावलेली गाय, बैल, बकरी अशीच दिसते, आणि लाळेतूनच रेबीज येतो. असं जनावर साधारण दहा दिवसांत मरतं. तुमची बकरी पोळ्यापासून जगते आहे, म्हणून मला रेबीजची शंका कमी वाटते, तरी डॉक्टर येईपर्यंत तिच्या तोंडाला हात नको. आणि गेल्या काही महिन्यांत भावाला कुत्रं चावलं किंवा ओरबाडलं होतं का, हे घरात सगळ्यांना विचारा. पोरं चावल्याचं लपवतात. एरवी कोणालाही चावलं तर जखम साबणाने वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवायची, त्याच दिवशी लस सुरू करायची, रक्त आलं असेल तर जखमेत द्यायचं सिरमही मागायचं. लक्षणं दिसायला लागली की मग वाचवणं जवळपास अशक्य.

बुरशीच्या व्हिडिओबद्दल. त्यातली मुंगी खोटी नाही. आल्फ्रेड रसेल वॉलेस या निसर्गअभ्यासकाने १८५९मध्ये अशा बुरशीचे नमुने गोळा केले होते. बुरशी लागलेली मुंगी वारूळ सोडते, झाडावर साधारण वीतभर उंचीवर जाते, पानाच्या शिरेला घट्ट चावते आणि तिथेच मरते. मग तिच्या डोक्यातून बुरशीचा कोंब बाहेर येतो. फक्त ‘मेंदूचा ताबा’ हे व्हिडिओवाल्यांनी चिकटवलेलं आहे. २०१७मध्ये शास्त्रज्ञांनी अशा मुंग्यांचे बारीक काप पाहिले, तर बुरशी अंगभर स्नायूंना वेढून बसलेली होती, मेंदूत मात्र शिरलेली नव्हती. या बुरशीची प्रत्येक जात ठराविक मुंगीलाच धरते. माणसाच्या अंगातल्या उष्णतेत तिचं काही चालत नाही.

आणि याचा नमुना बघायला जंगलात जायचीही गरज नाही. हरभऱ्यावर एचएएनपीव्ही, म्हणजे घाटेअळीला मारणारा विषाणू, फवारला असेल, तर घाटेअळी चार-पाच दिवसांनी शेंड्यावर चढून, मागच्या पायांवर उलटी लटकून, काळी पडून फुटते, हे तुमच्या वडिलांनीही पाहिलं असेल. तो विषाणू अळीला वर चढायला लावतो, म्हणजे ती फुटली की खालच्या पानांवर पसरतो. कृषी विद्यापीठं त्याची शिफारस करतात, आपण तो पैसे देऊन आणतो, उन्हाने मरू नये म्हणून संध्याकाळी फवारतो. त्या अळीमुळे गावात कोणी शेंड्यावर चढलं नाही. चुलतभावाला हे एकदा वावरात नेऊन दाखवा.

माणसांकडे येऊ. झॉम्बी ही कल्पना मूळ हैतीची. मेलेल्याला मांत्रिक उठवतो आणि गुलामासारखा राबवतो, अशी तिथली समजूत. तिथला क्लेर्व्हियस नार्सिस नावाचा माणूस १९६२मध्ये दवाखान्यात मृत घोषित झाला, पुरला गेला, आणि १९८०मध्ये एक जण बहिणीपुढे येऊन म्हणाला, तो मीच. त्यावरून वेड डेव्हिस या संशोधकाने असं मांडलं की फुगणाऱ्या माशाचं विष देऊन माणसाला मेल्यागत करत असावेत आणि नंतर धोतऱ्यासारख्या वनस्पतीने भ्रमात ठेवत असावेत. यावर पुष्कळ वाद झाला, कारण त्या पुडीच्या नमुन्यांत ते विष फारसं सापडेना. धोतरा तुमच्याकडेही बांधावर उगवतो. त्याची बाधा झालेला माणूस बडबडतो, हवेत काहीतरी वेचतो, तोंड कोरडं पडतं, बाहुल्या मोठ्या होतात. पण तो अंमल उतरतो, महिनाभर राहत नाही.

मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते १९९७चं काम. लिटलवुड आणि डूयों या दोघांनी हैतीतल्या तीन ‘झॉम्बीं’ना नीट तपासलं आणि ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात लिहिलं. एकीला स्किझोफ्रेनिया हा मनाचा आजार होता आणि सोबत कॅटाटोनिया, म्हणजे गप्प होऊन ताठरण्याची अवस्था. दुसऱ्याच्या मेंदूला इजा झालेली आणि त्याला फिट्स येत होत्या. तिसरी जन्मापासून बुद्धीने मंद होती. दोन प्रकरणांत तर जनुकीय चाचणीने दाखवलं की घरच्यांनी ओळखलेला माणूस त्यांचा नव्हताच. वाट चुकलेल्या कोणा आजारी जीवाला त्यांनी आपलं मेलेलं माणूस समजून घरात घेतलं होतं. म्हणजे ज्या देशातून हा शब्द आला तिथेसुद्धा, तपासणारा नीट बसला तेव्हा त्याला आजारी माणसंच सापडली.

पत्रावरून निदान होत नाही, ते डॉक्टरच करतील. पण हात वर केला तर वर राहणं, ऐकलेला शब्द परत म्हणणं, न बोलणं, न गिळणं, टक लावणं, ही सगळी एकत्र आली की डॉक्टर कॅटाटोनियाचा विचार करतात. कार्ल कालबाउम या जर्मन डॉक्टरने १८७४मध्ये त्याचं वर्णन केलं. तो एकच आजार नाही, पुष्कळ आजारांत येणारी अवस्था आहे. खोल नैराश्यात येते, स्किझोफ्रेनियात येते, मेंदूला सूज आल्यावर येते, रक्तातलं सोडियम बिघडल्यावर, काही औषधांनी किंवा ती अचानक बंद केल्यानेही येते. शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच मेंदूवर उलटते, असाही एक आजार आहे, त्याची ओळख २००७मध्ये पटली. पूर्वी अशी किती माणसं ‘बाहेरची बाधा’ म्हणून गेली असतील कोण जाणे.

म्हणून फक्त मनोविकाराच्या डॉक्टरकडे किंवा फक्त मेडिसिनच्या डॉक्टरकडे नका जाऊ. दोघंही एका छताखाली असतील अशा ठिकाणी न्या: जिल्ह्याचं सरकारी रुग्णालय, वैद्यकीय महाविद्यालय, नाहीतर सेवाग्राम, नागपूर. रक्तातली साखर, सोडियम, मलेरिया, गरज पडली तर मेंदूचा आलेख आणि पाठीतलं पाणी, एवढं तपासून घेतील. आणि आता चांगली बातमी, जी तुम्हाला कोणी सांगितली नसेल. कॅटाटोनियावर लोराझेपाम नावाचं औषध आहे. इंजेक्शन दिल्यावर पुष्कळ रुग्णांत काही मिनिटांत ते काही तासांत फरक दिसतो. महिनाभर न बोललेला माणूस पाणी मागतो. त्याने नाही झालं तर भूल देऊन विजेचे उपचार करतात. सिनेमात दाखवतात तसं ते नसतं, आणि या अवस्थेत त्यांचा गुण फार चांगला आहे. मात्र घरात पडलेल्या दुसऱ्या कोणाच्या ‘डोक्याच्या गोळ्या’ त्याला देऊ नका. मनोविकारावरची काही औषधं अशा वेळी उलट अपाय करतात.

जाताना एका कागदावर लिहून न्या: नेमकं कधीपासून, त्याआधी झोप कशी होती, ताप, फिट, डोक्याला मार, कुत्र्याचा चावा, दारू-गांजा, चालू औषधं, आणि फवारणी. फवारणीच्या बाटल्या किंवा त्यांच्यावरच्या लेबलांचे फोटो सोबत घ्या. २०१७मध्ये तुमच्याच जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने वीसहून जास्त शेतकरी-शेतमजूर गेले, तेव्हा कोणतं औषध किती मिसळून मारलं हे दवाखान्यात सांगता न येणं ही मोठी अडचण होती. फॉस्फरसवर्गीय कीटकनाशकाची बाधा ताजी असते तेव्हा लाळ, घाम, उलट्या, बारीक बाहुल्या, स्नायूंची फडफड दिसते. तुमच्या भावाचं चित्र तसं नाही. पण फवारणीच्या हंगामानंतर झोप जाणं, मन खचणं, चिडचिड, विसरणं हे होऊ शकतं, म्हणून डॉक्टरांना ते कळायला हवं.

एक प्रश्न विचारायला जड जातो, तरी विचारते. गप्प होण्याआधी तो ‘आता काय करून काय’ अशा भाषेत बोलत होता का? कर्ज, पीक, लग्नाचा खर्च, काही? त्याने थोडंसं फवारणीचं औषध पोटात घेतलं असण्याची शक्यताही डॉक्टरांपुढे बोला, लाजू नका. उरलेल्या बाटल्या आजच कुलपात ठेवा किंवा घरातून हलवा. आणि तो बोलायला, हिंडायला लागला की लक्ष काढून घेऊ नका, उलट तेव्हा जास्त ठेवा, कारण हातापायांत बळ आधी येतं, मन नंतर उभारी धरतं. मानसिक आरोग्यासाठी १४४१६ हा सरकारी क्रमांक चोवीस तास आहे, मराठीतही बोलतात. तो तुम्हीही वापरू शकता, त्यासाठी आजारी असायची गरज नाही.

तो ऐकत नाही असं समजू नका. कॅटाटोनियातून बरे झालेले पुष्कळ जण सांगतात की त्यांना सगळं ऐकू येत होतं, फक्त हलता येत नव्हतं, आणि आतून भयंकर भीती वाटत होती. त्याच्यासमोर करणीची चर्चा, त्याच्यासमोर ‘गेलं आमचं पोट्टं हातचं’ हे बंद करा. काय करता आहात ते त्याला सांगून करा: आता तुला उठवतो, आता गाडीत बसवतो. चुलतभावाचा व्हिडिओ ग्रुपवरून काढायला लावा. डॉक्टरांना दाखवायला एक छोटा व्हिडिओ तुमच्या फोनमध्ये ठेवा, त्याचा उपयोग होतो. बाकी कोणाला नाही.

वडिलांचं काय? ‘बाबा खोटे आहेत’ इथून सुरुवात केलीत तर घरात दोन तट पडतील आणि अमावस्या उजाडेल. वाद क्रमाचा ठेवा: आधी दवाखाना, मग तुम्ही म्हणाल तिथे. देवीची ओटी, कपाळाला अंगारा, आईचा नवस, याने त्याचं काही बिघडत नाही, आईला धीरच येतो. उपास, पोटात काही देणं, बांधणं, मारणं, मिरच्यांची धुरी, यातलं काहीही नको, अर्धा तासही नको. भूत उतरवतो म्हणून मारहाण करणं, मिरच्यांचा धूर देणं हे महाराष्ट्राच्या २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे, पण ते वडिलांना तुम्ही सांगू नका. तुमच्या तोंडून ती धमकी वाटेल. मामाला बोलवा, आशाताईला बोलवा. गावात तुकडोजी महाराजांचं गुरुदेव सेवा मंडळ असेल तर त्यातल्या एखाद्या जाणत्या म्हाताऱ्याला घरी आणा. गाडगेबाबा तुमच्या शेजारच्या अमरावती जिल्ह्यातले, आयुष्यभर नवस-बोकडांवर कोरडे ओढत फिरले. भजनातल्या माणसाने तेच सांगितलं तर वडिलांना पोरीपुढे माघार घेतल्यासारखं वाटणार नाही. खर्चाची भीती खरी असते, ती उडवून लावू नका. रेशनकार्ड, आधारकार्ड सोबत ठेवा आणि रुग्णालयात जनआरोग्य योजनेच्या टेबलावर आधी विचारा.

काकूंबद्दल मी थोडी कडक होते. भाऊ बरा होईल अशी मला आशा आहे. पण एखाद्या बाईवर करणीचा शिक्का बसला तर तो कोणत्याही इंजेक्शनने उतरत नाही, तिच्या पोरींच्या लग्नापर्यंत जातो. असा आरोप उघड केला तर तुमचं घर कायद्याच्याही कचाट्यात येईल. आईला बकरीच्या गाठीचं गणित समजावून सांगा, जमलं तर जनावरांच्या डॉक्टरांच्या तोंडून. आणि तोवर काकूंच्या दारावरून जाताना मान वळवू नका.

राहिलं साक्षगंध. पुढे ढकला. मुलीकडे वडिलांनी किंवा मामाने स्वतः जाऊन सांगावं: मुलगा आजारी आहे, उपचार चालू आहेत, डॉक्टर काय म्हणतात ते कळवू. घरचं काम निघालं, सुतक आलं, असलं काही रचू नका, तो व्हिडिओ त्यांच्या गावात पोचला नसेल असं मला वाटत नाही. आजाराचं नाव, कारण, पुढे काय, हे मात्र आताच कोणी सांगू नये. ते त्याचं आहे. तो बोलायला लागला की त्यालाच विचारा, हे लग्न त्याला हवं होतं का, आणि तिला काय सांगायचं ते त्याने ठरवावं. तिलाही तिचा निर्णय घ्यायला तेवढा वेळ मिळेल.